‘मॅशल’ वाचायला घेताना: जादूच्या शाळेतील बिनजादूच्या विद्यार्थ्याची ओळख

जपानी मांगा, म्हणजे तिकडच्या चित्रकथा, वाचण्याची इच्छा आहे, पण शंभरी गाठणाऱ्या खंडांच्या मालिका पाहून धीर होत नाही, अशा वाचकाने सुरुवात कोठून करावी असे कोणी विचारले, की मी ‘मॅशल: मॅजिक अँड मसल्स’ हे नाव सुचवतो. हाजिमे कोमोतो यांची ही मालिका शुएइशा या प्रकाशनसंस्थेच्या ‘वीकली शोनेन जंप’ या साप्ताहिकात २७ जानेवारी २०२० रोजी सुरू झाली आणि ३ जुलै २०२३ रोजी संपली. एकूण १६२ प्रकरणे आणि त्यांचे १८ खंड, एवढाच तिचा पसारा आहे. ती पूर्ण झालेली असल्यामुळे पुढच्या भागाची वाट पाहत ताटकळावे लागत नाही, आणि जादूच्या शाळेची पार्श्वभूमी बहुतेकांना आधीपासून ओळखीची असल्यामुळे नव्या जगाचे नियम पाठ करण्यातही वेळ जात नाही.

तरीही ही मालिका चुकीच्या अपेक्षेने उघडणारे वाचक पुष्कळ आढळतात. जादूच्या विद्येचे बारकावे, तिचा इतिहास, मंत्रांची शिस्तबद्ध रचना असे काही शोधत आलेला वाचक पहिल्या खंडातच निराश होतो. ‘मॅशल’ ही आधी विनोदी कथा आहे, मग मारामारीची कथा आहे आणि त्यानंतर कुठे जादूची कथा आहे. हा क्रम ध्यानात ठेवला तर पुढच्या सगळ्या पायऱ्या सोप्या होतात.

पहिली पायरी: कथेची चौकट समजून घ्या

या जगात जादूवाचून पान हलत नाही. प्रत्येकाच्या चेहऱ्यावर जन्मजात एक रेषा असते, आणि ती रेषा म्हणजे जादूशक्तीची खूण असते. बहुतेकांना एकच रेषा असते, दोन रेषांचा माणूस असामान्य मानला जातो, आणि तीन रेषांचे लोक अत्यंत दुर्मीळ असतात. ज्याच्या चेहऱ्यावर रेषाच नाही, त्याला जगण्याचा अधिकार नाही असा तिथला कायदा आहे. मॅश बर्नडेड हा असाच बिनरेषेचा मुलगा असून, तान्हेपणी टाकून दिलेल्या या मुलाला रेग्रो नावाच्या वृद्धाने जंगलात लपवून वाढवले आहे. जादू नसलेल्या नातवाने जगात टिकून राहावे म्हणून आजोबांनी त्याच्याकडून लहानपणापासून व्यायाम करून घेतला, आणि त्याचा परिणाम असा झाला, की मॅशचे शरीर कोणत्याही मंत्राला पुरून उरेल इतके बलवान बनले. त्याला क्रीम पफ, म्हणजे आत मलई भरलेली गोड पेस्ट्री, अतोनात आवडतात, आणि त्या खरेदीसाठी तो शहरात गेला असता त्याचे गुपित फुटते.

त्याला पकडायला आलेला ब्रॅड कोलमन हा पोलीस अधिकारी मार खाल्ल्यानंतर वेगळाच सौदा पुढे करतो. ईस्टन मॅजिक अकॅडमी या शाळेत मॅशने प्रवेश घ्यावा आणि दरवर्षी एकाच विद्यार्थ्याला मिळणारे ‘डिव्हाइन व्हिजनरी’ हे पद पटकवावे. तसे झाले तर आजोबा आणि नातू यांना कोणी हात लावणार नाही, आणि पदासोबत येणारा पैसा कोलमनच्या खिशात जाईल. मॅश चेहऱ्यावर खोटी रेषा रंगवून शाळेत दाखल होतो. मालिकेचे मुख्य सूत्र एवढेच आहे.

येथे एक गोष्ट आवर्जून लक्षात घ्यावी. शोनेन जंपमधील बहुतेक नायकांना जगात सर्वश्रेष्ठ व्हायचे असते. मॅशला तसे काहीही व्हायचे नाही. त्याला आजोबांबरोबर निवांत राहायचे आहे, आणि त्या निवांतपणाची किंमत म्हणून तो देशातल्या सर्वोच्च पदाच्या मागे लागला आहे. महत्त्वाकांक्षी प्रतिस्पर्धी त्याला ध्येयाविषयी विचारतात, तेव्हा त्याच्या साध्या उत्तरांनी ते गोंधळून जातात, आणि मालिकेतील निम्मा विनोद याच विसंगतीतून निर्माण होतो.

दुसरी पायरी: मालिका रीतसर मिळवा

भारतात ही मालिका वाचायची तर इंग्रजी अनुवादाचा आधार घ्यावा लागतो. अनुवादाचे इंग्रजी सोपे आहे. संवाद आखूड असून, शाळेत इंग्रजी शिकलेल्या कोणालाही शब्दकोश जवळ न ठेवता वाचता येतील असे आहेत. वाचण्याचे मार्ग मुख्यतः दोन आहेत.

पहिला मार्ग म्हणजे भ्रमणध्वनीवर किंवा टॅबलेटवर वाचणे. विझ मीडिया या प्रकाशनसंस्थेचे ‘शोनेन जंप’ हे ॲप भारतात उपलब्ध आहे, आणि त्याच्या सभासदाला जंपच्या मालिकांच्या संग्रहातून दिवसाला १०० प्रकरणांपर्यंत वाचता येते. शुएइशाचे स्वतःचे ‘मांगा प्लस’ हे ॲप २०१९ पासून सुरू आहे. दोन्हीकडे मालिकेची सुरुवातीची प्रकरणे विनामूल्य वाचता येतात. माझा सल्ला असा, की पैसे भरण्यापूर्वी ही विनामूल्य प्रकरणे वाचून पाहावीत, आणि पहिल्या तीन प्रकरणांत एकदाही हसू आले नाही तर ही मालिका आपल्यासाठी नाही असे समजून निश्चिंतपणे बाजूला ठेवावी. पहिले प्रकरण नेहमीच्या साप्ताहिक प्रकरणापेक्षा बरेच मोठे असल्यामुळे तेवढ्यावरही अंदाज येतो.

दुसरा मार्ग छापील खंडांचा. विझ मीडियाने २०२१ पासून हे खंड इंग्रजीत आणले. एका खंडात साधारण नऊ प्रकरणे आणि दोनशेच्या आसपास पाने असतात. खंड घेताना नकली प्रतींपासून सावध राहावे लागते, कारण मांगाची लोकप्रियता वाढल्यापासून पदपथावरच्या विक्रेत्यांकडे आणि काही ऑनलाइन दुकानांतही अशा प्रती सर्रास दिसतात. अस्सल प्रतीतील काळी शाई गडद आणि एकसारखी असते, तर नकलीत ती राखाडी पडलेली किंवा ठिपक्यांत फुटलेली दिसते. बारीक अक्षरे पुसट असतात, आणि कडेची कापणी चुकल्यामुळे संवादांचे फुगे अर्धवट कापले गेलेले असतात. किंमत संशय यावा इतकी कमी असेल, तर हा संशय बहुतेक वेळा खराच निघतो. ‘मॅशल’च्या बाबतीत हा मुद्दा केवळ नीतीचा राहत नाही. मॅशच्या चेहऱ्यावरचे भाव दोन-तीन अतिशय बारीक रेषांनी दाखवलेले असतात, आणि खराब छपाईत त्या नाहीशा झाल्या की त्यांबरोबर विनोदही नाहीसा होतो.

सगळे १८ खंड एकदम विकत घेण्याची घाई करू नये. पहिले दोन खंड घ्यावेत, आणि पुढचे ठरवण्यापूर्वी खाली सहाव्या पायरीत सांगितलेल्या टप्प्यापर्यंत जावे.

तिसरी पायरी: पान वाचण्याची सवय लावा

मांगाचे पान उजवीकडून डावीकडे वाचतात. पुस्तक आपल्या दृष्टीने मागच्या बाजूने उघडायचे, पानावर उजव्या कोपऱ्यातील वरच्या चौकटीपासून सुरुवात करायची, त्या ओळीत डावीकडे सरकायचे आणि मग खालच्या ओळीत पुन्हा उजव्या टोकाला यायचे. चौकटीच्या आत संवादांचे फुगेही याच क्रमाने वाचायचे. सुरुवातीला संभाषणात उत्तर आधी आणि प्रश्न नंतर आल्यासारखे वाटू लागले, तर क्रम उलटा झाला आहे असे ओळखावे. एक खंड संपेपर्यंत ही अडचण बहुतेकांना जाणवेनाशी होते.

याहून महत्त्वाची सूचना समोरासमोरच्या दोन पानांविषयी आहे, आणि तिच्याकडे नवे वाचक हमखास दुर्लक्ष करतात. जपानी साप्ताहिकात काम करणारा चित्रकार प्रकरणाची आखणी करतानाच पान कोठे उलटले जाणार याचा विचार करतो. डाव्या पानाच्या अगदी शेवटच्या चौकटीत तो काहीतरी ताणून धरतो, आणि पान उलटताच त्याचा निकाल मोठ्या चित्रात देतो. कोमोतो या युक्तीचा उपयोग विनोदासाठी फार कुशलतेने करतात. प्रतिस्पर्धी आपल्या मंत्राचे भयंकर सामर्थ्य चार चौकटी समजावून सांगतो, पुढे काय होणार या उत्सुकतेत वाचक पान उलटतो, आणि समोर मॅशने ते संकट इतक्या अडाणी पद्धतीने निकालात काढलेले असते, की आधीच्या चार चौकटींचे सगळे गांभीर्य एका क्षणात कोसळते. हा क्षण अनुभवायचा असेल, तर दोन पाने एकत्र दिसली पाहिजेत आणि पुढची दोन झाकलेली राहिली पाहिजेत.

म्हणून पडद्यावर वाचणाऱ्याने यंत्र आडवे धरावे आणि दोन पाने शेजारी दिसतील अशी मांडणी निवडावी. पाने खालून वर सरकवत वाचण्याची सोय असली तरी या मालिकेसाठी ती टाळावी, कारण त्यात पुढचे चित्र आधीच डोकावते. भ्रमणध्वनीचा पडदा फारच लहान असेल, तर एकेक पान पाहणे हा त्यातल्या त्यात बरा उपाय आहे.

चौथी पायरी: विनोदाची रीत ओळखा

जपानमध्ये ‘मान्झाई’ नावाचा दोन कलाकारांचा रंगमंचीय विनोदाचा प्रकार रूढ आहे, आणि त्याचे मोठे केंद्र ओसाका हे शहर आहे. त्यातील ‘बोके’ हा भलतेसलते बोलतो आणि ‘त्सुक्कोमी’ त्याला तत्काळ टोकतो. वगनाट्यात राजा गंभीरपणे प्रश्न विचारतो आणि सोंगाड्या त्याला भलतेच उत्तर देतो, ती जोडी आठवली तर ही रीत समजायला सोपी जाते. फरक एवढाच, की मान्झाईत टोकणाऱ्याचे कामही हशा मिळवण्याचे असते. जपानी विनोदी मांगातील पुष्कळसे संवाद या साच्यातले असतात, आणि ‘मॅशल’ तर जवळजवळ संपूर्णपणे त्यावर उभी आहे.

मॅश हा येथला बोके आहे. आपण काही विचित्र करत आहोत याची त्याला कल्पनाच नसते. शाळेच्या प्रवेशपरीक्षेत उमेदवारांना एका चक्रव्यूहातून बाहेर पडायचे असते, तेव्हा इतर जण जादूने वाट शोधतात आणि मॅश समोर येईल ती भिंत फोडत सरळ रेषेत चालत राहतो. दार ओढायचे की ढकलायचे हे त्याला कधीच कळत नाही, त्यामुळे तो जाईल तेथील दारे बिजागऱ्यांसह उखडली जातात. हे करताना त्याचा चेहरा कोरा असतो. त्याचा खोलीतील सोबती फिन एम्स हा त्सुक्कोमी आहे, आणि चक्रावून जाऊन ओरडण्याचे काम तो वाचकाच्या वतीने करतो. इंग्रजी अनुवादात फिनचे हे ओरडणे कधीकधी अनावश्यक स्पष्टीकरणासारखे वाटते, आणि मान्झाईची सवय नसलेल्या वाचकाला प्रश्न पडतो की विनोद झाल्यावर तो पुन्हा समजावून कशासाठी सांगितला. त्या वेळी हे ध्यानात घ्यावे, की जपानी वाचकाच्या दृष्टीने ते टोकणे हाच विनोदाचा दुसरा अर्धा भाग असतो.

मालिकेतील विनोदाचा दुसरा झरा विडंबनाचा आहे. वसतिगृहांमध्ये विभागलेले विद्यार्थी, झाडूवर बसून खेळायचा ‘दुएलो’ नावाचा खेळ, लांब दाढीचे वयोवृद्ध मुख्याध्यापक या सगळ्यांतून कोमोतो हॅरी पॉटरच्या शाळेकडे उघडउघड बोट दाखवतात. हे साम्य चोरून आलेले नाही. वाचकाला ती शाळा माहीत आहे असे गृहीत धरूनच लेखक तिच्यात एक पैलवान आणून सोडतो. साम्य लपवण्याचा प्रयत्न नसल्यामुळे त्याविषयी तक्रार करण्यात फारसा अर्थ नाही. मात्र पहिल्या खंडात हे विडंबन थोडे जास्तच रेंगाळते, हे मान्य करायला हवे.

तिसरी गोष्ट म्हणजे या विनोदामागचे तर्कशास्त्र. मॅशकडे जादू नाही ही उणीव लेखक कधीच विसरत नाही, आणि तीच उणीव तो वेळोवेळी हत्यारासारखी वापरतो. पुढे ॲबिस रेझर नावाचा प्रतिस्पर्धी येतो, ज्याच्या डोळ्यात समोरच्याची जादू बंद पाडण्याची शक्ती आहे. सगळी शाळा ज्या डोळ्याला घाबरते, तो मॅशसमोर निरुपयोगी ठरतो, कारण बंद पाडायला त्याच्याकडे मुळात काही नाहीच. असे प्रसंग वाचताना जाणवते, की येथे जादूचे नियम मारामारीसाठी जितके बनवले आहेत तितकेच विनोदाच्या सोयीसाठीही बनवले आहेत.

पाचवी पायरी: पात्रांची नावे लावून घ्या

या मालिकेतील नावे पाश्चात्त्य धाटणीची आहेत, आणि नव्या वाचकाचा गोंधळ उडतो तो मुख्यतः येथेच. सुरुवातीला पाच जणांपुरते लक्ष दिले तरी पुरते. मॅश आणि फिन यांची ओळख वर झालीच आहे. फिनची जादू लहानशी, दोन गोष्टींची अदलाबदल करणारी असून तो स्वतःला भित्रा समजतो. पुढे त्याच्या या समजाचीच परीक्षा होते.

लान्स क्राउन हा हुशार आणि देखणा विद्यार्थी गुरुत्वाकर्षणाची जादू वापरतो. त्याचे बोलणे तुटक आणि थंड असते, परंतु धाकट्या बहिणीचा विषय निघाला की त्याचे सगळे भान सुटते. सुरुवातीला तो मॅशचा विरोधक म्हणून येतो. डॉट बॅरेटची जादू स्फोटांची आहे, आणि देखण्या मुलांविषयीचा त्याचा राग जाहीर आहे. त्यामुळे लान्स आणि डॉट एका चौकटीत आले की भांडण ठरलेले असते. लेमन आयर्विन ही विद्यार्थिनी प्रवेशपरीक्षेत मॅशला भेटते, त्याच्या एका वाक्याचा सोयीस्कर अर्थ लावते आणि तेव्हापासून स्वतःला त्याची भावी वधू मानू लागते. लेमनच्या वाट्याला लेखकाने पुरेसे काम दिलेले नाही, असे माझे मत आहे. तिच्या बांधून ठेवणाऱ्या जादूचा उपयोग अनेक प्रसंगी करता आला असता, पण बहुतेक वेळा तिची भूमिका मॅशकडे पाहून हुरळून जाण्यापुरती उरते.

शाळेत ॲडलर, लँग आणि ऑर्का अशी तीन वसतिगृहे असून मॅश ॲडलरमध्ये राहतो. विद्यार्थ्यांना चांगल्या कामगिरीबद्दल नाणी मिळतात, आणि ‘डिव्हाइन व्हिजनरी’ पदासाठी उमेदवार व्हायचे तर ती जमवावी लागतात. नाण्यांचा हिशेब डोक्यात ठेवण्याची गरज नाही. नाणी मिळवण्यासाठी आणि हिसकावण्यासाठी विद्यार्थी एकमेकांशी भिडतात, एवढे कळले की कथा समजते. मुख्याध्यापक वॉल्बर्ग बायगन आणि आधीच ते पद मिळवलेला रेन एम्स ही नावे मात्र लक्षात ठेवावीत. इतर व्हिजनरींची ओळख पुढे एकत्रितपणे होते, आणि तेव्हा पानावर अचानक सात-आठ नवे चेहरे दिसले तरी गांगरून जाऊ नये, कारण प्रत्येकाला लेखकाने एकेक ठळक विक्षिप्तपणा दिलेला आहे आणि त्यावरून ते पुढे सहज ओळखता येतात.

मंत्रांच्या बाबतीत एकच नियम पुरे. एखाद्या जादूगाराच्या मंत्रात ‘सेकंड्स’ हा शब्द आला, तर त्याने आपल्या जादूची वरची पातळी उघडली आहे असे समजावे. त्याहून वरची पातळी तीन रेषांच्या लोकांची असते, आणि ती फार उशिरा दिसते.

सहावी पायरी: कथेचे टप्पे आणि धीर धरण्याच्या जागा

पहिला टप्पा प्रवेशाचा आणि शाळेतील सुरुवातीच्या दिवसांचा. यातील प्रकरणे सुटी-सुटी असून विनोदावर भर देणारी आहेत, आणि चित्रेही काहीशी कच्ची आहेत. ही कोमोतो यांची पहिलीच दीर्घ मालिका होती, आणि हात बसत जाताना दिसणे हा ती सलग वाचण्यातला एक वेगळा आनंद आहे. शरीरांची हालचाल, उडणारी धूळ, फटक्याचा जोर या गोष्टी पाचव्या-सहाव्या खंडापर्यंत स्पष्टपणे सुधारलेल्या दिसतात.

दुसरा टप्पा लँग वसतिगृहातील ‘मॅजिया लुपस’ या निवडक विद्यार्थ्यांच्या गटाशी होणाऱ्या संघर्षाचा. कथेला खरा आकार येतो तो येथे. एबेल वॉकर हा या गटाचा म्होरक्या माणसांना बाहुल्यांसारखे नाचवतो, आणि ज्यांची जादू दुबळी आहे त्यांना समाजात जागा असू नये असे त्याचे मत आहे. म्हणजे देशाचा कायदा जे बिनरेषेच्या लोकांशी करतो, ते हा मुलगा आणखी खालपर्यंत नेऊ पाहतो. तोपर्यंत केवळ गंमत म्हणून आलेल्या त्या रेषा पहिल्यांदाच टोचू लागतात, आणि मॅशचा शांतपणाही निराळा भासू लागतो. म्हणून वर सुचवले, की मालिका पुढे चालू ठेवायची की नाही याचा निर्णय या टप्प्यानंतर करावा. पहिल्या खंडाने फारसे प्रभावित न झालेले वाचकही येथे गुंतून जातात. आणि येथेही मन रमले नाही, तर पुढे रमण्याची शक्यता थोडी आहे.

तिसरा टप्पा व्हिजनरी पदाच्या उमेदवारांच्या निवडपरीक्षेचा, आणि चौथा ‘ट्राय-मॅजिक-ॲथलॉन’ या अंतिम परीक्षेचा, जिच्यात ईस्टनखेरीज अन्य शाळांचे विद्यार्थीही उतरतात. या दोन्ही टप्प्यांत शोनेन जंपच्या स्पर्धाकथांचा परिचित साचा दिसतो: नवा प्रतिस्पर्धी, त्याची अजिंक्य वाटणारी जादू, त्याच्या बालपणाचे दुःख आणि मग पराभव. काही लढती लांबल्या आहेत, आणि सलग वाचताना हे अधिक जाणवते, कारण साप्ताहिकाच्या वाचकाला दर आठवड्याला एकोणीस-वीस पानेच मिळत होती आणि त्याच्यासाठी ती पुनरावृत्ती नसून आठवण होती. येथे दिवसाला एक खंड एवढाच वेग ठेवावा. एका बैठकीत चार खंड संपवले, तर प्रत्येक शत्रू आधीच्यासारखाच वाटू लागतो.

शेवटचा टप्पा इनोसेंट झीरो या खलनायकाशी होणाऱ्या लढ्याचा आहे. त्याविषयी येथे अधिक सांगणे योग्य नाही. विनोदाचे प्रमाण कमी होऊन मारामारीचे वाढते, तरी क्रीम पफ शेवटपर्यंत हजर राहतात. काही वाचकांना शेवट घाईने उरकल्यासारखा वाटतो. माझ्या मते, मॅशची मूळ इच्छा इतकी लहान होती, की याहून लांबलेला शेवट त्याला शोभला नसता.

पालकांसाठी येथेच एक नोंद. मारामारीत रक्त दिसते, आणि बिनजादूच्या लोकांना संपवण्याचा कायदा हा कथेचा पाया आहे. साधारण तेरा वर्षांपुढील मुलांना ही मालिका वाचायला देण्यात मला अडचण वाटत नाही. त्याहून लहान मुलांच्या बाबतीत पालकांनी पहिला खंड स्वतः चाळून मग ठरवावे.

सातवी पायरी: ॲनिमे केव्हा पाहावा

ए-१ पिक्चर्स या स्टुडिओने ‘मॅशल’चा ॲनिमे, म्हणजे जपानी ॲनिमेशन मालिका, तयार केला. त्याचे पहिले पर्व एप्रिल ते जुलै २०२३ या काळात आणि दुसरे जानेवारी ते मार्च २०२४ या काळात प्रसारित झाले. प्रत्येकी १२ भाग आहेत, आणि भारतात ते क्रंचीरोल या ऑनलाइन सेवेवर पाहता येतात. तिसऱ्या पर्वाचीही घोषणा झालेली आहे. दुसऱ्या पर्वाचे शीर्षकगीत ‘ब्लिंग-बँग-बँग-बॉर्न’ हे क्रीपी नट्स या जोडीने गायलेले असून, ते जपानच्या बिलबोर्ड यादीत २०२४ सालचे पहिल्या क्रमांकाचे गीत ठरले. त्यावरच्या नाचाच्या चित्रफिती जगभर इतक्या पसरल्या, की अनेकांना ‘मॅशल’ हे नाव त्या गाण्यामुळेच कळले. अशा वाचकांनीही मालिकेची सुरुवात पहिल्या प्रकरणापासूनच करावी.

मांगा आधी आणि ॲनिमे नंतर, असा क्रम मी सुचवतो, आणि त्याचे कारण तिसऱ्या पायरीत आलेले आहे. विनोदाची वेळ कागदावर वाचकाच्या हातात असते. पान केव्हा उलटायचे, कोऱ्या चेहऱ्याकडे किती वेळ पाहायचे, हे तो ठरवतो. ॲनिमेत ती वेळ दिग्दर्शकाने ठरवलेली असते, आणि पहिल्या पर्वात काही विनोद गरजेपेक्षा अधिक ताणले गेले आहेत. उलट लढाईच्या प्रसंगांत ॲनिमे सरस ठरतो, विशेषतः सुरुवातीच्या खंडांतील ज्या लढती चित्रांत नीट कळत नाहीत त्या पडद्यावर स्पष्ट होतात. त्यामुळे मॅजिया लुपसचा टप्पा वाचून झाल्यावर पहिले पर्व पाहणे ही चांगली जोड आहे.

ज्यांनी दोन्ही पर्वे आधीच पाहिली आहेत आणि पुढची कथा वाचायची आहे, त्यांच्यासाठी उपाय सोपा आहे. दोन पर्वे मिळून मूळ कथेचा जेमतेम निम्मा भाग होतो. आठव्या खंडापासून वाचायला घेतल्यास पाहिलेली काही प्रकरणे पुन्हा येतील, परंतु कथेचा दुवा तुटणार नाही.

यानंतर काय वाचावे

अठराव्या खंडानंतर जादूच्या शिक्षणाचीच आणखी एखादी कथा हवी असेल, तर आपल्याला ‘मॅशल’मधले काय आवडले यावर निवड अवलंबून ठेवावी. जादू नसलेल्या मुलाने जादूच्या शाळेत टिकाव धरण्याची कल्पना आवडली असेल आणि तीच गंभीरपणे हाताळलेली पाहायची असेल, तर फुजिनो ओमोरी यांनी लिहिलेली आणि तोशी आओई यांनी चितारलेली ‘विस्टोरिया: वाँड अँड स्वोर्ड’ घ्यावी, तेथील नायक तलवार वापरतो आणि विनोद फारसा करत नाही. शाळेतली धमाल आवडली असेल, तर ओसामू निशी यांची ‘वेलकम टू डेमन स्कूल! इरुमा-कुन’ ही राक्षसांच्या शाळेत गेलेल्या मानवी मुलाची कथा २०१७ पासून चालू आहे, आणि तिचे खंड बरेच असल्यामुळे दीर्घ वाचनाची तयारी ठेवावी लागते. ज्यांना ‘मॅशल’मध्ये जादूचे शास्त्रच सापडले नाही म्हणून चुकल्यासारखे वाटले, त्यांच्यासाठी कामोमे शिराहामा यांची ‘विच हॅट अटेलिए’ आहे. तिच्यात जादू शाईने आकृती काढून करतात, त्या आकृतींचे नियम कथेतच शिकवले जातात, आणि चित्रे इतकी बारकाईची आहेत, की या एका मालिकेसाठी तरी पडदा बाजूला ठेवून छापील खंडच घ्यावेत.